सक्शन पंप दिसला, पुढे काय? बेकायदा रेतीउपसा कोर्टात नेण्याआधी आणि नेल्यावर

मुंबईकराला रेती दिसते ती डंपरच्या फळीतून गळताना, नाहीतर शेजारच्या टॉवरच्या गेटवर ढीग पडलेला असतो तेव्हा. ती आली कुठून, हा प्रश्न सहसा पडत नाही. मुंब्र्याचं रेतीबंदर, डोंबिवलीच्या मोठागावचं रेतीबंदर ही नावं लोकलमधून जाताना कानावर पडतात. उल्हास, वैतरणा, काळू या नद्यांच्या आणि वसई-ठाण्याच्या खाड्यांच्या पोटातून या शहराच्या भिंती निघाल्या आहेत, एवढं त्या नावांवरूनही कळतं. यातला काही उपसा परवान्याने झाला, आजही होतो. बाकीचा रात्री होतो, तळातली रेती पाण्यासकट ओढून घेणाऱ्या सक्शन पंपांनी.

गेली काही वर्षं मी अशा एका प्रकरणात आहे. खाडीच्या त्या काठाचं नाव इथे लिहीत नाही, कारण प्रकरण चालू आहे. पण आठवड्यातून एकदा तरी कुणाचा फोन येतो: 'आमच्याकडेही पंप चालू झालेत, कोर्टात जायचं का?' माझं उत्तर ठरलेलं आहे. जायचं, पण उद्या नाही. नवख्या माणसाला वाटतं, कोर्टात रेतीचोर उभा करायचा आहे. प्रत्यक्षात कोर्टात उभं राहतं ते कार्यालय. चोर कोण, हे तुम्हाला क्वचितच सिद्ध करता येईल. पण अमुक तारखेला अमुक अधिकाऱ्याला लेखी कळवलं होतं, कायद्याने त्याला अधिकार होता आणि त्याने काही केलं नाही, हे कागदावर सिद्ध करता येतं. पुढचं सगळं हे डोक्यात ठेवून वाचा.

आधी लांबून बघायला शिका

पंपाजवळ जाऊ नका. होडीतून जाऊन व्हिडिओ काढू नका, डंपरसमोर गाडी आडवी घालू नका. आवाज फाउंडेशन या पर्यावरणासाठी काम करणाऱ्या संस्थेच्या सुमैरा अब्दुलाली यांच्यावर २००४ साली अलिबागजवळ किहीमला बेकायदा रेतीउपसा बघायला गेल्या असताना हल्ला झाला होता. त्यांच्या संस्थेने नंतर मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका केली आणि २०१० मध्ये त्याच प्रकरणात न्यायालयाने राज्यभर वाळूउपशावर बंदी घातली. म्हणजे कोर्टाचा रस्ता चालतो, पण काठावरचा धोका खरा आहे. एकट्याने जाऊ नका, आणि निघताना कुठे चाललात ते घरी सांगून जा.

लांबून बघायचं म्हणजे वेळ कळायला हवी. सुरुवातीचे दोन महिने आम्ही हाताला लागेल त्या रात्री कुणाच्यातरी गच्चीवर जाऊन बसायचो आणि निम्म्या वेळा रिकामी खाडी बघून परत यायचो. शेवटी कोळीवाड्यातला एक म्हातारा नाखवा हसला. म्हणाला, 'घड्याल काय बगतंस, तिथी मोज.' त्याचा हिशोब असा: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ निघते. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता, पुनवेला-अवसेला सव्वाअकरा ते बाराच्या दरम्यान; दिवसाही आणि रात्रीही. खाडीत आत जावं तसा थोडा उशीर होतो. रेतीने भरलेली बार्ज (सपाट तळाची मालवाहू बोट) काठाला लागते ती भरतीच्या पाण्यावर, ओहोटीत ती चिखलात रुतून बसेल. म्हणजे रेती उतरवण्याची वेळ पंचांगातच लिहिलेली आहे. त्या दिवसापासून आमची एकही फेरी फुकट गेली नाही, आणि पुढे तहसीलदारांना लिहिलेल्या पत्रात 'येत्या मंगळवारी पहाटे तीनच्या सुमारास' असं लिहिता आलं. 'रात्री-बेरात्री उपसा चालतो' या वाक्यावर कुणी धाड घालत नाही.

एक साधी शंभरपानी वही घ्या. तारीख, तिथी, वेळ, किती पंप, किती बार्ज, किती डंपर, कुठल्या दिशेला गेले, कोण कोण हजर होतं. गाडीचा नंबर दिसला तर लिहा, अर्धा दिसला तर अर्धाच लिहा, अंदाजाने पुरा करू नका. पानं फाडू नका, मागून काही घुसडू नका. खाडाखोड झाली तर एका रेघेने खोडून शेजारी सही करा. कोर्टात ही वही तुमच्या फोटोंपेक्षा जास्त बोलते.

फोटो काढताना फोनमधलं लोकेशन चालू ठेवा. अक्षांश-रेखांश आणि वेळ फोटोवरच छापणारी अॅप मिळतात, पण मूळ फाइलही जपून ठेवा. व्हॉट्सअॅपवरून पाठवलेला फोटो दाबून लहान केलेला असतो आणि त्याच्या आतली माहिती निघून गेलेली असते. भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ नुसार इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत प्रमाणपत्र जोडावं लागतं. त्याचा एक भाग फोन वापरणाऱ्याने भरायचा, दुसरा तज्ज्ञाने, आणि फाइलची हॅश व्हॅल्यू (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा सांकेतिक आकडा) त्यात द्यायची. त्यामुळे ज्याच्या फोनमधून फोटो काढला, तो माणूस शेवटपर्यंत बरोबर राहणारा हवा. आमचा सर्वात चांगला व्हिडिओ ज्याने काढला, तो आता दुबईत आहे आणि फोन त्याने विकून टाकला.

गूगल अर्थवर जुन्या वर्षांची उपग्रहचित्रं बघता येतात. एकाच जागेची पाच-सहा वर्षांची चित्रं शेजारी शेजारी लावा. काठ किती आत सरकला, कांदळवन कुठे उघडं पडलं, हे कुणाच्या साक्षीशिवाय दिसतं.

काठावर ढीग असेल तर त्याचा अंदाज ब्रासमध्ये मांडा, कारण महसूल खातं ब्रासमध्येच बोलतं. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. चाळीस फूट लांब, वीस फूट रुंद आणि पाच फूट उंच ढीग म्हणजे ४,००० घनफूट, म्हणजे ४० ब्रास, साधारण ११३ घनमीटर. ढिगाला उतार असतो, म्हणून आकडा नेहमी थोडा कमी धरा. फुगवलेला आकडा पहिल्याच सुनावणीत तुमच्या अंगावर येतो.

परवाना आहे का, हे आधी बघा

ही पायरी लोक गाळतात आणि तोंडघशी पडतात. दिसणारा प्रत्येक उपसा बेकायदा नसतो. लिलावाने दिलेला रेतीगट असू शकतो, पारंपरिक हातपाटीवाल्यांची, म्हणजे यंत्राशिवाय हाताने रेती काढणाऱ्यांची, परवानगी असू शकते. पाण्यात बुडी मारून बादलीने रेती काढणारे डुबीवाले आणि डिझेलवर धडधडणारा सक्शन पंप यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. हातपाटीच्या परवान्याआड पंप चालवणं ही या धंद्यातली सगळ्यात जुनी लबाडी. म्हणून प्रश्न 'परवाना आहे का' एवढाच विचारू नका. कुठल्या जागेसाठी, कुठल्या पद्धतीने, किती ब्रासचा, किती वाजेपर्यंतचा, असा विचारा.

त्यासाठी माहितीचा अधिकार. आपण मुंबईत 'रेती' म्हणतो, घाटावर 'वाळू' म्हणतात, सरकारी फाइलीत ती 'गौण खनिज' असते. अर्जात तिसरा शब्द वापरा, म्हणजे 'अर्ज अस्पष्ट आहे' हे उत्तर मिळायचं नाही. जिल्हाधिकारी कार्यालयाच्या खनिकर्म शाखेकडे अर्ज करा. शुल्क दहा रुपये, ऑनलाइनही भरता येतं. महाराष्ट्रात अर्ज एका विषयाचा आणि दीडशे शब्दांच्या आत असावा लागतो, म्हणून एक मोठा अर्ज करण्यापेक्षा चार छोटे करा. काय मागायचं: त्या खाडीपट्ट्यातल्या मंजूर रेतीगटांची यादी आणि नकाशा, पर्यावरण मंजुरीची प्रत, जिल्हा सर्वेक्षण अहवाल (जिल्ह्यात रेती कुठे आणि किती आहे याचा सरकारी अहवाल), गेल्या तीन वर्षांतल्या धाडींचे पंचनामे, आकारलेला दंड आणि प्रत्यक्षात वसूल झालेला दंड. हे शेवटचे दोन आकडे शेजारी शेजारी ठेवून बघा. याचिकेतलं सर्वात बोलकं पान बहुधा तेच निघतं.

उत्तर तीस दिवसांत यायला हवं. नाही आलं तर पहिलं अपील करा. आणि 'अभिलेख पाहणी' मागायला विसरू नका. स्वतः फाइल उघडून बसलं की जे मागितलंच नव्हतं तेही सापडतं. आम्हाला एका पंचनाम्यात पंप 'घटनास्थळी नष्ट केला' असं लिहिलेलं सापडलं. तीन आठवड्यांनंतरच्या दुसऱ्या पंचनाम्यात तोच रंग, तोच इंजिन क्रमांक.

पर्यावरण मंजुरी का महत्त्वाची, ते इथेच सांगतो. सर्वोच्च न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१२ रोजी दीपक कुमार विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सांगितलं की पाच हेक्टरहून लहान गौण खनिजाच्या पट्ट्यालाही पर्यावरण मंजुरी लागेल. त्याआधी मोठ्या पट्ट्याचे तुकडे करून मंजुरी टाळण्याची चाल सर्रास होती. पाठोपाठ ऑगस्ट २०१३ मध्ये राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने, म्हणजे पर्यावरणाचे वाद ऐकणाऱ्या खास न्यायपीठाने, मंजुरीशिवायचा वाळूउपसा देशभर थांबवायला सांगितला. आणि ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जम्मू-काश्मीरच्या एका प्रकरणात म्हटलं की नदीत रेती पुन्हा किती भरते याचा अभ्यास नसेल तर जिल्हा सर्वेक्षण अहवालच पुरा होत नाही. म्हणजे परवाना निघाला तरी लढाई संपत नाही. परवान्याखालचा अहवाल मागवा आणि त्यात हा अभ्यास आहे का बघा.

तक्रार अशी लिहा की उत्तर द्यावं लागेल

एक पानाची तक्रार पुरते. जागा अक्षांश-रेखांशासह, तारखा वहीतल्या, भरतीच्या वेळेनुसार पुढचा संभाव्य दिवस, आणि 'कारवाईचा अधिकार तुम्हाला अमुक कलमाखाली आहे' हे एक वाक्य. ते कलम म्हणजे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम ४८. पोटकलम ७ खाली बेकायदा गौण खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो आणि पोटकलम ८ खाली यंत्रं नि वाहनं जप्त करता येतात. हे लिहिलं की 'आमच्या हातात काही नाही' हे वाक्य तहसीलदारांच्या तोंडून निघत नाही.

प्रत कुणाकुणाला, हे जागेनुसार ठरतं. तहसीलदार आणि जिल्हाधिकारी नेहमीच. भरतीच्या रेषेच्या आसपास असेल तर महाराष्ट्र सागरी किनारा क्षेत्र व्यवस्थापन प्राधिकरण. कांदळवन असेल तर वनखात्याचा कांदळवन कक्ष. १७ सप्टेंबर २०१८ च्या निकालात मुंबई उच्च न्यायालयाने कांदळवनांचा नाश थेट घटनेच्या कलम २१ शी (जगण्याचा हक्क) जोडला आणि त्यांच्याभोवती पन्नास मीटरचा पट्टा राखायला सांगितला, त्याचा उल्लेख करा. ठाणे खाडीत असाल तर आणखी जोर येतो: तिथे २०१५ पासून फ्लेमिंगो अभयारण्य आहे आणि २०२२ पासून ते रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा आहे. पुलाजवळ असेल तर पुलाच्या मालकाला लिहा. वैतरणा खाडीवरच्या रेल्वे पुलांच्या आसपासच्या उपशाची चिंता वर्षानुवर्षं मांडली जाते आहे. पुलाच्या पायाचा प्रश्न आला की रेल्वे जेवढ्या जोरात पत्र लिहिते, तेवढ्या जोरात आपण कधीच लिहू शकत नाही.

आता पोचपावती. एका कार्यालयात आवक खिडकीवरच्या बाईंनी माझा अर्ज घेतला आणि माझ्या प्रतीवर शिक्का मारायला नकार दिला. 'साहेबांना दाखवते मग मारते.' चार फेऱ्या झाल्या, साहेब काही भेटले नाहीत. शेवटी समोरच्या पोस्टात गेलो. १ सप्टेंबर २०२५ पासून रजिस्टर्ड पोस्ट स्पीड पोस्टमध्ये विलीन झालं आहे, तेव्हा पोचपावतीसह स्पीड पोस्ट करा आणि त्याच दिवशी ईमेलही. पोस्टाच्या संकेतस्थळावरचं पत्र पोचल्याचं पान छापून फाइलला लावा. फोनवर 'बघतो, बघतो' म्हणालेले साहेब कोर्टात 'आमच्याकडे अशी तक्रारच नाही' असं प्रतिज्ञापत्र करू शकतात. माझ्या बाबतीत केलंच होतं. त्या पोस्टाच्या पानाने ते खोडून निघालं.

पंधरा दिवसांनी स्मरणपत्र. आणखी पंधरा दिवसांनी दुसरं. मग थांबा. सहा महिने स्मरणपत्रं पाठवत बसलात तर मुदत निघून जाईल, ते पुढे सांगतो.

पोलिसांचा रस्ता थोडक्यात

'हे महसूलचं प्रकरण आहे' असं पोलीस ठाण्यात सांगतात. ते अर्धं खरं आहे. खाण आणि खनिज अधिनियम, १९५७ खालचा खटला फक्त अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरच चालतो, तुमच्या-माझ्या नाही. पण सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिल्ली सरकार विरुद्ध संजय या निकालात स्पष्ट केलं की नदीपात्रातली वाळू नेणं ही चोरीही आहे आणि चोरीचा गुन्हा पोलिसांना स्वतंत्रपणे नोंदवता येतो. आता त्यासाठी भारतीय न्याय संहितेचं कलम ३०३ आहे, आणि सरकारी मालमत्तेच्या चोरीसाठी कलम ३०५. पोलिसांनी तक्रार घेतली नाही तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) खाली वरिष्ठांना लेखी द्या, तरीही नाही तर प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे कलम १७५(३) खाली अर्ज. यात वेळ जातो. मी हा रस्ता फाइल जाड करण्यासाठी वापरतो, मुख्य भिस्त त्यावर ठेवत नाही. मात्र धमकी आली तर त्याच दिवशी पोलिसांत लेखी द्या. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये साक्षीदार संरक्षण योजना मान्य केली आहे, तिच्याखाली अर्ज करताना पहिली धमकी कधी आली याचा कागद लागतो.

हरित न्यायाधिकरण की हायकोर्ट?

इथे बहुतेक जण चुकतात, म्हणून जरा थांबून बघू.

राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचं पश्चिम विभागाचं पीठ पुण्यात आहे. तिथे कलम १४ खाली अर्ज करता येतो, शुल्क एक हजार रुपये. दाखल करणं ऑनलाइन, सुनावणीलाही बहुतेक वेळा व्हिडिओवरून हजर राहता येतं, म्हणजे प्रत्येक तारखेला इंटरसिटी पकडायला नको. न्यायाधिकरणात तज्ज्ञ सदस्य असतात, त्यामुळे नदीचा तळ खचला म्हणजे काय हे पहिल्यापासून समजावत बसावं लागत नाही. मुंबई महापालिका विरुद्ध अंकिता सिन्हा या प्रकरणात २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की न्यायाधिकरण स्वतःहूनही दखल घेऊ शकतं.

पण दोन खड्डे आहेत. पहिला मुदतीचा. कलम १४ खाली, वादाचं कारण पहिल्यांदा घडलं त्या दिवसापासून सहा महिने, आणि सबळ कारण असेल तर वर साठ दिवस. 'पहिल्यांदा' हा शब्द लाल शाईने अधोरेखित करा. 'आमच्याकडे दहा वर्षांपासून उपसा चालतो' हे वाक्य भाषणात टाळ्या घेतं, अर्जात मुदतीचा प्रश्न उभा करतं. यंदाच्या हंगामात नव्याने काय घडलं, कुठली नवी जागा, कुठले नवे पंप, ते तारखेसह मांडा. नुकसानभरपाई किंवा पर्यावरण पूर्ववत करण्याची मागणी कलम १५ खाली येते, तिथे पाच वर्षांची मुदत आहे. भरपाईचा आकडा मागितलात तर शुल्क त्या प्रमाणात वाढतं.

दुसरा खड्डा विषयाचा. न्यायाधिकरण ठरावीक कायद्यांखालचे वाद ऐकतं: पाणी, हवा, वनसंवर्धन, पर्यावरण संरक्षण, जैवविविधता वगैरे. खाण आणि खनिज अधिनियम त्या यादीत नाही. म्हणून 'रॉयल्टी बुडाली' हा तुमचा मुख्य मुद्दा असेल तर तिथे जाऊन उपयोग नाही. मुद्दा पर्यावरण मंजुरीचा आणि किनारा नियमन क्षेत्राचा (सीआरझेडचा) करा, कारण त्या अधिसूचना पर्यावरण संरक्षण कायद्याखालच्या आहेत.

हायकोर्टात जायचं ते घटनेच्या कलम २२६ खाली. पोलीस, महसूल, बंदर खातं, रेल्वे सगळ्यांना एकत्र ओढायचं असेल, अधिकाऱ्यांची जबाबदारी ठरवायची असेल किंवा प्रश्न अनेक जिल्ह्यांचा असेल, तर हायकोर्ट बरं. तुमची स्वतःची जमीन खाडीत ढासळत असेल तर ती साधी रिट याचिका, जनहित याचिका नाही. जनहित याचिकेला मुंबई उच्च न्यायालयाचे २०१० चे नियम लागू होतात: तुम्ही कोण, उत्पन्न काय, यात वैयक्तिक स्वार्थ नाही, हे शपथेवर सांगावं लागतं. तुमच्या मेव्हण्याचा रेतीचा धंदा असेल तर तेही आधीच सांगा. समोरचा ते शोधून काढतोच.

ठाणे, पालघर, रायगडची प्रकरणं मुंबईत फोर्टच्या इमारतीत. रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या खाड्यांसाठी मात्र १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे. कोकणातलं गाव आणि मुंबईतलं घर अशी माझ्यासारखी तुमचीही विभागणी असेल तर वकील ठरवण्याआधी हे बघा.

वकिलाचे पैसे नसतील तर विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली महिलांना, अनुसूचित जाती-जमातींना आणि इतर काही घटकांना मोफत वकील मिळतो. फोन १५१००. आमच्या प्रकरणात अर्जदार कोळीवाड्यातल्या दोघी जणी आहेत. त्यामागे हे एक कारण होतं. दुसरं असं की मासळी कमी झाली हे त्यांच्याइतकं नेमकं कुणी सांगू शकत नव्हतं.

याचिकेत काय मागायचं

'संबंधितांवर योग्य ती कारवाई करावी' ही मागणी करू नका. कोर्ट म्हणेल, 'योग्य ती कारवाई करा', सरकारी वकील म्हणतील, 'करतो', आणि प्रकरण निकाली. आमच्या पहिल्या मसुद्यात हेच वाक्य होतं. एका ज्येष्ठ वकिलांनी ते पेन्सिलीने खोडलं आणि समासात लिहिलं: कुणी, काय, किती दिवसांत?

त्या तीन प्रश्नांनी मागण्या अशा झाल्या: या दोन अक्षांश-रेखांशांमधल्या पट्ट्यात यंत्राने होणारा उपसा अंतरिम आदेशाने थांबवावा, जिल्हाधिकारी, प्रदूषण नियंत्रण मंडळ आणि किनारा प्राधिकरण यांच्या संयुक्त समितीने चार आठवड्यांत पाहणी करावी, जप्त पंपांची यादी इंजिन क्रमांकासह सादर करावी, आकारलेल्या आणि वसूल झालेल्या दंडाचं प्रतिज्ञापत्र दर तीन महिन्यांनी द्यावं, काठ पूर्ववत करण्याची योजना करून खर्च दोषींकडून घ्यावा.

प्रतिवादींमध्ये राज्य शासन, जिल्हाधिकारी, तहसीलदार, पोलीस, प्रदूषण मंडळ, किनारा प्राधिकरण हे आलेच. एखाद्या ठेकेदाराचं नाव तेव्हाच घाला, जेव्हा ते पंचनाम्यात किंवा परवान्यात छापलेलं असेल. गावात सगळ्यांना ठाऊक आहे, हा पुरावा नाही. ती अब्रुनुकसानीच्या नोटिशीची तयारी आहे.

मग रजिस्ट्री, म्हणजे दाखल झालेले कागद तपासणारं कोर्टाचं कार्यालय. यासाठी तुम्हाला कुणी तयार करत नाही. याचिका दाखल झाली की आधी तात्पुरता क्रमांक मिळतो आणि ऑफिस ऑब्जेक्शन्स येतात. पान ४७ वाचता येत नाही, अनुक्रमणिका जुळत नाही, एक्झिबिटवर 'खरी प्रत' लिहिलेलं नाही. ती दूर केली नाहीत तर प्रकरण बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, येतच नाही. आमचे पंचनामे तलाठ्याच्या हस्ताक्षरात होते, कार्बन कॉपीवरून काढलेल्या झेरॉक्सच्या झेरॉक्स. तीन रात्री बसून ते टाइप केले आणि मूळ पानाशेजारी लावले. पुण्यात न्यायाधिकरणापुढे कामकाज इंग्रजीत असल्याने प्रत्येक मराठी कागदाचं भाषांतरही द्यावं लागलं. 'डुबी'ला इंग्रजीत काय म्हणायचं यावर अर्धा तास गेला. शेवटी डुबीच ठेवलं आणि खाली एक ओळ लिहिली.

उपसा चालू असताना नंबर लागेपर्यंत थांबू नका. हायकोर्टात वकील प्रेसिपी (लेखी विनंतीची चिठ्ठी) देऊन तातडीची सुनावणी मागू शकतात, पण तातडी काय ते दाखवावं लागतं. कालच्या तारखेचा फोटो इथे कामाला येतो.

संयुक्त समिती नेमली गेली की आनंदात गाफील राहू नका. पाहणीची तारीख आधी कळवतात, आणि ती फक्त तुम्हालाच कळते असं नाही. त्या दिवशी खाडी आरशासारखी स्वच्छ असते. म्हणून समितीला आधीच लेखी द्या: ओहोटीची वेळ धरून या, पाणी उतरल्यावर काठावरचे चर आणि उघडी पडलेली कांदळवनाची मुळं दिसतात, पाइप टाकण्यासाठी ठोकलेले बांबू दिसतात. सोबत उपग्रहचित्रं ठेवा आणि ज्याला तो काठ माहीत आहे असा माणूस द्या. आमच्या समितीला आम्ही सकाळी अकराला बोलावलं होतं, ते आले दुपारी चारला, भरतीत. हरकत घेतली तर ती तिथल्या तिथे कागदावर घ्या. अहवाल आल्यावर 'वेळ चुकीची होती' म्हणणं रडीचा डाव वाटतो.

आदेश हातात आल्यावर

खरं काम इथून पुढे. आदेशाची प्रमाणित प्रत काढा आणि प्रत्येक प्रतिवादीला स्वतः पोचवा. ती आपोआप पोचेल असं धरून चालू नका. आदेश मोडला तर हायकोर्टात अवमान याचिका, आणि ती अवमान झाल्यापासून एक वर्षाच्या आत. न्यायाधिकरणाच्या आदेशासाठी अंमलबजावणीचा अर्ज. विरोधात गेला तर न्यायाधिकरणाच्या आदेशावर सर्वोच्च न्यायालयात नव्वद दिवसांत अपील.

वही बंद करू नका. आमच्याकडे आदेशानंतर पाच आठवडे शांतता होती, मग पंप अडीच किलोमीटर वर सरकले, आदेशातल्या अक्षांश-रेखांशाच्या नेमके बाहेर. ते वहीत होतं म्हणून पट्टा वाढवून मागता आला. पुढच्या मसुद्यात आम्ही दोन बिंदू देण्याऐवजी 'या पुलापासून मुखापर्यंतची संपूर्ण खाडी' असं लिहिलं. तुम्ही पहिल्यापासूनच तसं लिहा.

आणि तहसीलदार बदलतात. नव्या साहेबांच्या टेबलावर तुमचं प्रकरण नसतं, ते कपाटात असतं. बदलीची बातमी कळली की आठवड्याभरात आदेशाची प्रत, एक पानाचं पत्र आणि भरतीच्या वेळांचा पुढच्या महिन्याचा तक्ता घेऊन जायचं. आमच्या तालुक्यात हे तिसरे साहेब. त्यांनी तक्ता बघितला, चष्मा काढला आणि विचारलं, 'हे हवामान खात्याकडून मिळतं का?' मी सांगितलं, कोळीवाड्यातून. आवक खिडकीवरच्या त्याच बाई होत्या. या वेळी शिक्का लगेच मारला.